कल्पित राज्याची गुप्त पोथी कशी रचावी: गोदाकाठावरून एक सविस्तर मार्गदर्शन

अद्भुतकथा लिहिणाऱ्या किंवा मित्रमंडळींसाठी कल्पनाविश्वातला खेळ रचणाऱ्या जवळजवळ प्रत्येकाला कधी ना कधी एका जुन्या पोथीची गरज पडते. ती तळघरात किंवा पडक्या देवळाच्या कोनाड्यात सापडते, आणि ती वाचली जाताच राज्याचा सांगितला गेलेला इतिहास खोटा ठरतो. ही युक्ती जुनी असली तरी अजून चालते; मात्र पोथी स्वतःचे गुपित पहिल्या पानापासून घोषणा केल्यासारखे सांगू लागली की ती फसते. जी गोष्ट बोलल्याबद्दल माणसे मारली गेली, ती गोष्ट कोणी ठळक अक्षरांत, यमक जुळवून लिहून ठेवत नाही.

नाशिकमध्ये राहणाऱ्याला याचा धडा घ्यायला लांब जावे लागत नाही. पांडवलेण्यांच्या 24 लेण्यांपैकी तिसऱ्या लेण्यात सातवाहन राजमाता गौतमी बलश्री हिचा लेख आहे. तो तिचा नातू वासिष्ठीपुत्र पुळुमावी याच्या 19व्या राज्यवर्षातला असून, आपला मुलगा गौतमीपुत्र सातकर्णी याने क्षहरात या शत्रू राजकुळाचा वंश निःशेष केला, असे त्यात अभिमानाने सांगितले आहे. तेथून काही पावलांवर, दहाव्या लेण्यात, त्याच क्षहरात कुळातल्या नहपान राजाचा जावई उषवदात आपल्या दानांची यादी कोरून गेला आहे आणि ती आजही वाचता येते. 1906 मध्ये नाशिकजवळ जोगळटेंभी येथे तेरा हजारांहून अधिक चांदीची नाणी सापडली. त्यांतल्या नऊ हजारांहून अधिक नाण्यांवर सातकर्णीने आपला छाप पुन्हा मारलेला आहे, आणि कित्येक नाण्यांवर त्या छापाखालून नहपानाच्या चेहऱ्याची रेघ अजून दिसते. गुप्त इतिहासाची पोथी रचताना मी हे नाणे समोर ठेवतो. आपल्याला वरचा छाप तयार करायचा असतो आणि खालचा चेहरा पूर्ण पुसला जाणार नाही याची काळजी घ्यायची असते.

पुढील पायऱ्या एकाच उदाहरणावर चालवून दाखवतो. खाडीच्या मुखाशी वसलेले शंखवेळ नावाचे एक कल्पित नगर घेऊ. तेथे ‘एकशशी’ घराणे राज्य करते आणि आकाशातला एकमेव चंद्र हा आपला मूळपुरुष आहे असे सांगते.

पहिली पायरी: गुपित एका वाक्यात लिहा आणि तो कागद बाजूला ठेवा

आमचे वाक्य असे आहे: शंखवेळच्या आकाशात पूर्वी दोन चंद्र होते, आणि धाकटा चंद्र एकशशी घराण्याच्या पहिल्या राजाच्या काळात फुटला. हे वाक्य पोथीत कोठेही येणार नाही, त्याचा अर्धा भागसुद्धा येणार नाही. ज्या गुपिताला एका वाक्यात मावता येत नाही, ते बहुधा अजून ठरलेलेच नसते, आणि मग लेखक ती उणीव भविष्यवाण्यांनी भरून काढू लागतो. भविष्यवाणी शक्यतो टाळावीच. तिच्यामुळे पोथी पुढच्या कथेची नोकर होते आणि तिला स्वतःचा भूतकाळ उरत नाही.

दुसरी पायरी: तीन माणसे ठरवा

पोथी लिहिणारा, ती नष्ट व्हावी असे वाटणारा आणि ती जपणारा हे तिघे वेगळे असले तर पोथीला आपोआप खोली येते. आमच्या उदाहरणात लिहिणारा हा घाटावरचा कारकून आहे आणि आपण काही स्फोटक लिहीत आहोत याची त्याला कल्पनाही नाही. नष्ट करू पाहणारा अर्थातच राजवाडा आहे. पण राजवाडा बखरी आणि स्तोत्रे जाळतो, घाटावरच्या तेलाचा हिशेब जाळण्याचे त्याला सुचत नाही. जपणारी आहे एका तेलाच्या व्यापाऱ्याची नात. ती कोण, हे तिच्या समासातल्या दोन टीपांवरूनच कळते.

तिसरी पायरी: वरवर ही पोथी कशाची आहे?

माझे मत असे की रोजमेळ, दानपत्र, गलबतांची नोंदवही, औषधांची यादी असे कंटाळवाणे कागद हीच गुपिताची सर्वांत चांगली जागा आहे. उषवदाताचा लेख पुन्हा आठवा. त्याने गोवर्धन येथल्या विणकरांच्या श्रेणींकडे, म्हणजे व्यवसायसंघांकडे, 3000 कार्षापण (त्या काळची नाणी) ठेव म्हणून ठेवले. त्यांपैकी 2000 दरमहा शेकडा एक या व्याजाने आणि 1000 दरमहा शेकडा पाऊण या व्याजाने. पहिल्या रकमेच्या व्याजातून वर्षावासाला, म्हणजे पावसाळ्यातल्या मुक्कामाला, राहणाऱ्या वीस भिक्षूंना प्रत्येकी बारा कार्षापण चीवरासाठी, म्हणजे वस्त्रासाठी, द्यायचे होते. दोन हजारांवर दरमहा वीस म्हणजे वर्षाला 240, आणि वीस गुणिले बारा म्हणजेही 240. दोन हजार वर्षांपूर्वीचा हा हिशेब आजही जुळतो, आणि तो जुळतो म्हणूनच त्या माणसावर आपला विश्वास बसतो.

वर सांगितलेल्या तिसऱ्या लेण्यात गौतमीपुत्राच्या 24व्या राज्यवर्षातला एक आदेश आहे. त्यात म्हटले आहे की भिक्षूंना पूर्वी कखडी गावातले शेत दिले होते, परंतु ते शेत कसले जात नाही आणि गावात वस्ती नाही, म्हणून आता नगराच्या सीमेवरच्या राजाच्या जमिनीतून शंभर निवर्तने (जमिनीचे जुने माप) द्यावीत. गाव ओस का पडले याबद्दल त्या लेखात चकार शब्द नाही. कादंबरीकाराला याहून अधिक काय हवे?

आमची पोथी म्हणजे ‘शिंपलघाटाची घाटवही’. घाटावर रात्री आठ दिवे लावायचे, परंतु ज्या रात्री आकाशात चांदणे अजिबात नसेल त्याच रात्री. प्रत्येक अशा रात्रीला पाच शेर तेल मिळते आणि कारकून त्याची नोंद ठेवतो.

चौथी पायरी: आकडे आधी, वाक्ये नंतर

ही पायरी कंटाळवाणी आहे, पण तीच पोथीचा कणा असल्यामुळे येथे घाई करू नये. थोरल्या चंद्राचा फेरा 30 दिवसांचा, धाकट्याचा 24 दिवसांचा आणि वर्ष 360 दिवसांचे धरले. दोन्ही चंद्रांची अमावास्या एकाच रात्री दर 120 दिवसांनी येते, म्हणून वर्षाला पूर्ण अंधाराच्या रात्री तीनच आणि तेल पंधरा शेर. धाकटा चंद्र गेल्यावर अंधाराच्या रात्री बारा होतात आणि तेल साठ शेर, म्हणजे दीड मण लागते. चौपट खर्च! आता राजवाड्याचा अधिकृत इतिहास काय सांगतो ते आपोआप सुचते: त्या वर्षी तेलाच्या व्यापाऱ्यांनी साठेबाजी केली, दर चढवले आणि पहिल्या राजाने त्यांची घरे जप्त करून प्रजेला दिलासा दिला.

धाकटा चंद्र फुटला ती रात्र निवडताना मी वर्षाचा 180वा दिवस घेतला, कारण त्या रात्री थोरल्याची अमावास्या आणि धाकट्याची पौर्णिमा असते. चांदणे असल्यामुळे दिवे लावायचे नव्हते, आणि मग अचानक काळोख झाला. कारकुनाची नोंद एवढीच:

“मास सहावा, रात्र तिसावी. मध्यरात्रीं दिवे लाविले. तेल शेर अडीच. पहांटे पाणी यक्षाचे कानास लागलें. नाव बंद.”

‘अडीच शेर’ या दोन शब्दांत सारी घटना आहे. त्या वर्षाचे एकूण तेल साडेसदतीस शेर भरले पाहिजे: 120व्या रात्रीचे पाच, त्या मध्यरात्रीचे अडीच आणि उरलेल्या सहा अमावास्यांचे तीस. हा मेळ चुकला तर चाणाक्ष वाचक पोथी मिटून ठेवील.

पाणी यक्षाच्या मूर्तीच्या कानाला लागले, हे मोजमाप मात्र सरळ नाशिकचे आहे. गोदावरीला पूर आला की तो किती मोठा हे येथे पाणी नदीपात्रातल्या दुतोंड्या मारुतीच्या मूर्तीला कुठवर आले यावरून सांगतात. कमरेला लागले, गळ्याला लागले, डोक्यावरून गेले. आपल्या कल्पित नगरालाही अशी एखादी स्थानिक मोजपट्टी द्यावी. फुटांत सांगितलेला पूर वाचकाला दिसत नाही.

पाचवी पायरी: कालगणना

मराठी कागदांत शालिवाहन शक, शुहूर सन, फसली आणि राज्याभिषेक शक अशा अनेक गणना शेजारी शेजारी नांदतात. शुहूर सनाचे वर्ष सूर्य मृग नक्षत्रात शिरला की सुरू होई, म्हणून त्याला मृगसाल म्हणत. आणि त्याचे आकडे सलास, अर्बा, खमस अशा अरबी शब्दांत लिहिले जात. कल्पित राज्यालाही किमान दोन गणना द्याव्यात, एक दरबाराची आणि एक पोटापाण्याची. पोटापाण्याची गणना सहसा जुनी असते आणि खोटे बोलत नाही.

येथे आपल्याच परंपरेतले एक साधन फार उपयोगी पडते. संस्कृत आणि मराठी ग्रंथांत आकड्यांऐवजी शब्द वापरून काळ सांगण्याची रीत आहे: चंद्र म्हणजे एक, नेत्र म्हणजे दोन, अग्नी म्हणजे तीन, वेद म्हणजे चार, बाण म्हणजे पाच, ऋतू म्हणजे सहा. हे शब्द एककापासून वाचायचे, ‘अंकानां वामतो गतिः’. आता घाटवहीच्या अखेरीस काळ दिला आहे ‘बाण-ऋतु-चंद्र’. दरबारी पंडित तो 165 वाचतात, म्हणजे वही एकशशी घराण्याच्या आधीची आणि म्हणून निरुपद्रवी. परंतु ज्या काळी आकाशात दोन चंद्र होते, त्या काळी ‘चंद्र’ या शब्दाचा अंक दोन होता. वर्ष 265 ठरते, आणि 265 हे पहिल्या राजाच्या कारकिर्दीत पडते. एका शब्दाने शंभर वर्षे सरकतात. आपल्या जगातल्या निसर्गाप्रमाणे असे संकेतशब्द बदलून घ्यावेत. ज्या जगात ऋतू चारच आहेत, तेथे ‘ऋतू’ म्हणजे सहा कसे होतील?

सहावी पायरी: भाषेचे वय

जुनी भाषा म्हणजे प्रत्येक शब्दावर अनुस्वार, अशी समजूत करून घेऊ नये. मराठी गद्याचे वय त्यातल्या उसन्या शब्दांवरून चटकन ओळखता येते. यादवकाळातल्या गद्यात फारसी शब्द जवळजवळ नाहीत. पेशवाईतल्या पत्रांत ‘सबब’, ‘रवाना’, ‘दाखल’, ‘मुलुख’ यांची रेलचेल आहे. आणि मधल्या शिवकाळात फारसी शब्दांना संस्कृत प्रतिशब्द देणारा राज्यव्यवहारकोश मुद्दाम करवून घेतला गेला, म्हणजे शब्द बदलणे हेही राज्यकारभाराचे काम झाले. यावरून कल्पित राज्यासाठी दोन प्रश्न निघतात. परके शब्द कोणाबरोबर आले, आणि नंतर कोणाच्या हुकुमाने काढले गेले? शंखवेळात परका शब्दसंग्रह नाही, पण एक शब्द हुकुमाने काढला गेला आहे: ‘थोरला’. चंद्र एकच असल्यावर त्याला थोरला म्हणण्याचे कारण उरत नाही. गाणाऱ्या नावाड्यांच्या तोंडी मात्र ‘थोरल्या चांदा’ अजून आहे, आणि त्याचा अर्थ त्यांना सांगता येत नाही.

जुना ढंग आणण्यासाठी वाक्ये आखूड, क्रियापद अखेरीस आणि विशेषणे अगदी मोजकी ठेवावीत. कारकून विशेषणे वापरत नाही.

सातवी पायरी: नकलकार आणि त्याच्या चुका

हा भाग मला सर्वांत प्रिय आहे. आपल्यापर्यंत आलेली जुनी पोथी क्वचितच मूळ लेखकाच्या हातची असते. ती नकलेची नक्कल असते, आणि प्रत्येक नकलकार काहीतरी गाळतो, काहीतरी सुधारतो. नकलकाराने अखेरीस लिहायचा श्लोक प्रसिद्धच आहे: ‘यादृशं पुस्तकं दृष्ट्वा तादृशं लिखितं मया । यदि शुद्धमशुद्धं वा मम दोषो न दीयताम्’. जसे पाहिले तसे लिहिले, मला दोष देऊ नये, असे तो म्हणतो. तो जसे पाहिले तसे लिहीत नाही, हेच आपल्या कामाचे आहे.

मूळ कारकुनाने अंधाराच्या नोंदींत ‘दोहीं अंधारीं तेल शेर 5’ असे लिहिले होते. पुढे शंभर वर्षांनी नक्कल करणाऱ्या सज्जन माणसाला ‘दोन्ही अंधार’ म्हणजे काय ते कळेना, म्हणून त्याने प्रत्येक ठिकाणी ‘दोहीं तीरीं’, म्हणजे दोन्ही काठांवर, अशी दुरुस्ती केली. त्यात कपट नव्हते, समजूतदारपणाच होता. परंतु दहा वर्षांच्या तीस नोंदींपैकी एक त्याच्या नजरेतून सुटली. पाठचिकित्सेचा, म्हणजे प्रती ताडून मूळ मजकूर ठरवण्याच्या शास्त्राचा, एक जुना नियम आहे की दोन पाठांपैकी जो अधिक अवघड, तो मूळचा असण्याचा संभव अधिक; कारण नकलकार अवघडाचे सोपे करतो, सोप्याचे अवघड सहसा करत नाही. पुण्याच्या भांडारकर संस्थेने महाभारताची चिकित्सक आवृत्ती 1966 मध्ये पूर्ण केली, तिच्या मागेही असेच ताडून पाहण्याचे काम होते. आपल्या कथेतल्या शोधकाला हा नियम ठाऊक असावा, आणि वाचकाला तो त्याच्याबरोबर कळावा.

दुसरा हात समासात येतो. रामकुंडावरच्या तीर्थोपाध्यायांच्या वह्या ज्यांनी पाहिल्या असतील, त्यांना एकाच वहीत पिढ्यान्पिढ्यांची अक्षरे कशी शेजारी बसतात ते ठाऊक आहे. आजोबांची नोंद एका वळणाची, नातवाची दुसऱ्या. तसेच येथे करावे. त्या सुटलेल्या नोंदीशेजारी बारीक अक्षरात: “येथें तीर नव्हे.” आणि अडीच शेरांच्या नोंदीखाली: “माझे आजोबांचे घर याच तेलापायीं गेलें.” तिसरी टीप लिहिण्याचा मोह आवरावा. मला तो पहिल्या खेपेस आवरला नव्हता, आणि त्या तिसऱ्या टीपेने सारी पोथी उघडी पाडली.

तिसरी खूण हरताळाची. जुन्या पोथ्यांत चुकलेल्या अक्षरांवर हरताळ हे पिवळे द्रव्य लावून ती झाकत. ‘हरताळ फासणे’ हा वाक्प्रचार तेथूनच आला. सुटलेला शब्द भरण्यासाठी ओळीत कावळ्याच्या पायासारखी खूण करत, तिला काकपद म्हणतात. कोठे हरताळ आहे आणि त्याखाली काय असावे, हे लेखकाला ठाऊक असलेच पाहिजे, मग ते वाचकाला कधी कळो वा न कळो.

आठवी पायरी: लिपी

नवी लिपी रचण्यात काही जण महिने घालवतात. हौस असेल तर करावे. कथेला तिची गरज क्वचितच असते. महानुभावांनी आपले ग्रंथ सकळ, सुंदरी अशा सांकेतिक लिप्यांत लिहून ठेवले, आणि पंथाबाहेरच्या अभ्यासकांना ते वाचता येऊ लागले विसाव्या शतकात. त्या लिपीमागे एक जिवंत पंथ होता, तो ती शिकवीत होता, म्हणूनच ती टिकली. गुप्त लिपी ठेवायची असेल तर ती कोण कोणाला शिकवते हे आधी ठरवावे. नाहीतर मोडीसारखी, एके काळी सर्वांना येणारी आणि आता थोड्यांनाच वाचता येणारी लिपी पुरेशी आहे. विस्मरण हाही एक प्रकारचा कुलूपबंद पेटारा असतो.

नववी पायरी: पोथी हातात घेता यावी म्हणून

खेळासाठी किंवा प्रदर्शनासाठी खरी दिसणारी पोथी करायची असेल, तर हातकागदाच्या साधारण 25 सेंटिमीटर लांब आणि 11 सेंटिमीटर रुंद अशा आडव्या, सुट्या पट्ट्या कापाव्यात. शिवू नयेत, खाली-वर पातळ फळ्या ठेवून रुमालात बांधाव्यात. काजळी आणि डिंकाचे पाणी एकत्र घोटून शाई करता येते, पण खूप वेळ घोटावे लागते, अन्यथा ती कागदावर खरखरीत बसते. बोरूचे टोक तिरपे छाटावे. शब्दांमध्ये जागा सोडू नये, ओळ सलग लिहावी. पानाचा क्रमांक मागच्या बाजूच्या समासात घालावा आणि दंड (विरामाच्या उभ्या रेघा) व मथळे लाल करावेत. हरताळासाठी साधा पिवळा पोस्टर रंग वापरावा, कारण खऱ्या हरताळात आर्सेनिक असते.

चहाच्या पाण्यात पान बुडवून ते जुने दिसत नाही, नुसते तपकिरी दिसते. कागद कडांकडून आणि बोटे लागतात तेथून पिकतो. कसरीचे भोक एकाच जागी सलग पानांतून जाते आणि आतल्या पानांत लहान होत संपते. पाण्याचा डाग एकाच कोपऱ्यातून शिरून हळूहळू आटतो. मी माझी पहिली पोथी श्रावणात चहाने रंगवून माळ्यावर वाळत टाकली होती, आणि आठ दिवसांत तिला बुरशीचे असे काही वय चढले की ती टाकून द्यावी लागली. हे काम उन्हाळ्यात करावे.

खऱ्या जुन्या पोथीची पाने यासाठी कधीही वापरू नयेत. 1972 च्या पुरावशेष कायद्याप्रमाणे ऐतिहासिक किंवा वाङ्मयीन मूल्य असलेले हस्तलिखित 75 वर्षांचे झाले की तो पुरावशेष ठरतो. आपल्या पोथीच्या शेवटच्या पानामागे, बारीक पण स्पष्ट अक्षरात, ती कधी आणि कशासाठी केली ते लिहून ठेवावे.

दहावी पायरी: कथेत किती दाखवायची आणि तपासायची कशी

पूर्ण घाटवही मी साठ पानांची रचली, पण कथेत तिच्या सात-आठ नोंदीच येतात. उरलेली पाने वाया जात नाहीत. पात्र पाने उलटते तेव्हा पुढच्या पानावर काय आहे ते लेखकाला ठाऊक असते आणि ते वाक्यात उतरते. पोथीतले काही गहाळही असावे. आमच्या वहीत 265च्या आठव्या मासाचे पान नाही, आणि ते का नाही याचे उत्तर अगदी साधे आहे: त्या पानात कोणीतरी सुपारी बांधली होती.

तपासणीसाठी अशा मित्राला बोलवावे, ज्याला गुपित ठाऊक नाही आणि ज्याला हिशेबात रस आहे. त्याला नोंदी द्याव्यात आणि एकच प्रश्न विचारावा: या घाटावर तेल एकदम का वाढले? पाच मिनिटांत त्याने आकाशाकडे बोट दाखवले, तर एक नोंद काढून टाकावी. दुसऱ्या दिवसापर्यंत तो तेलाच्या व्यापाऱ्यांनाच दोष देत राहिला, तर अडीच शेरांची नोंद त्याच्यासमोर पुन्हा एकदा, काही न बोलता, ठेवावी. माझा मित्र ती नोंद वाचून थोडा वेळ गप्प बसला आणि मग म्हणाला, “अहो, पण त्या रात्री दिवे मध्यरात्री का लावले?” तेव्हा मी घाटवही रुमालात बांधली.